जोडी फॉस्टर, वय वर्षं 3 ते 14: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जोडी फॉस्टर म्हटलं की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे 'द सायलेन्स ऑफ द लॅम्ब्ज'मधली एफबीआयची शिकाऊ अधिकारी येते. तो चित्रपट 1991 मध्ये आला तेव्हा ती 28 वर्षांची होती आणि तिच्या नोकरीला 25 वर्षं उलटून गेली होती. 'नोकरी' हा शब्द मी मुद्दाम वापरतोय. तिच्याबद्दल बोलताना लोक 'जन्मजात प्रतिभा', 'पाळण्यातले पाय' वगैरे म्हणतात, आणि त्यात चूक काही नाही. पण तिच्या पहिल्या दहा-अकरा वर्षांचा हिशेब मांडला तर हाती लागते ती एक कामकरी मुलगी. वेळेवर सेटवर जायचं, संवाद पाठ करून जायचं, संध्याकाळी घरी यायचं. पुढचे प्रश्न त्या वर्षांबद्दलचे आहेत.

जोडी हे तिचं खरं नाव आहे का?

नाही. कागदोपत्री ॲलिशिया ख्रिश्चन फॉस्टर. जन्म 19 नोव्हेंबर 1962, लॉस एंजेलिस. 'जोडी' हे घरचं नाव, तेच पडद्यावर गेलं. मराठीत लिहिताना ते 'जोडी' वाचलं जातं आणि दर वेळी कोणाची तरी जोडी असल्यासारखं वाटतं, त्याला इलाज नाही.

घरात कोणी सिनेमातलं होतं का?

आई होती, पण पडद्यामागे. एव्हलिन फॉस्टर, सगळे तिला ब्रँडी म्हणायचे. चित्रपट निर्माते आर्थर जेकब्स यांच्याकडे ती प्रसिद्धीचं काम करत असे. वडील हवाई दलात अधिकारी होते, नंतर जमीन-घरांच्या व्यवहारात गेले. जोडीच्या जन्माआधीच संसार मोडला होता. मागे राहिल्या दोन मुली, एक मुलगा आणि पोटातली ही चौथी. वडिलांशी जोडीचा संबंध नसल्यातच जमा होता. पुढचं बरंचसं या एका परिस्थितीतून येतं. चार पोरं, एकटी बाई, आणि पोटापाण्याची सोय असलेलं जवळचं क्षेत्र म्हणजे सिनेमा.

मग सुरुवात कशी झाली?

जोडी कोणाच्या गणतीतच नव्हती. काम करायचा तो तिचा मोठा भाऊ बडी. 1965 मध्ये कॉपरटोन या उन्हापासून बचाव करणाऱ्या लोशनच्या जाहिरातीसाठी मुलं निवडायची होती आणि आई बडीला घेऊन गेली. तीन वर्षांच्या धाकटीला घरी कोणाकडे ठेवणार, म्हणून तीही बरोबर. निवड करणाऱ्यांचं लक्ष भावाऐवजी बहिणीकडे गेलं आणि जाहिरात तिला मिळाली.

गोष्ट गोड आहे आणि म्हणूनच ती सगळीकडे सांगितली जाते. मला त्यातला बडी जास्त आठवतो. ठरवून आणलेला तो, आणि काम घेऊन परत गेली ती.

कॉपरटोनच्या बाटलीवरची, कुत्रा जिची चड्डी ओढतोय ती मुलगी म्हणजे जोडीच ना?

नाही. हा गैरसमज फार जुना आहे. ते चित्र 1950 च्या दशकातलं, जॉइस बॅलन्टाइन या चित्रकर्तीने काढलेलं, आणि त्यासाठी तिने आपल्या स्वतःच्या मुलीला समोर उभं केलं होतं. जोडीचा जन्मच 1962 चा. ती त्याच लोशनच्या टीव्हीवरच्या जाहिरातीत होती. एकच उत्पादन आणि दोन छोट्या मुली, त्यामुळे लोकांच्या डोक्यात दोघींची एक झाली.

पहिली मालिका कोणती?

'मेबेरी आर.एफ.डी.', 1968. इथेही आधी भाऊच. नायकाच्या मुलाची कायमची भूमिका बडीकडे होती आणि जोडी त्यात छोट्याशा कामासाठी आली. तोवर तिचं तीन वर्षं फक्त जाहिरातींचं काम चाललं होतं.

1968 ते 1974 या काळात तिने नेमकं केलं काय? नावं तर फारशी ऐकिवात नाहीत.

नावं ऐकिवात नाहीत, आणि माझ्या मते तिची खरी शाळा हीच.

अमेरिकन टीव्हीवर तेव्हा दर आठवड्याला स्वतंत्र गोष्ट असलेल्या मालिकांची चलती होती. कायमची पात्रं चार-पाच आणि दर भागात एखादा पाहुणा कलाकार. लहान मुलांना असं पाहुणं काम भरपूर मिळे. जोडी 'गनस्मोक' आणि 'बोनान्झा' या घोडेस्वारांच्या मालिकांमध्ये दिसली, 'द पार्ट्रिज फॅमिली'त दिसली, डॉरिस डेच्या मालिकेत दिसली. 'द कोर्टशिप ऑफ एडीज फादर'मध्ये ती अधूनमधून येणारी जोई होती, एडीला पुरून उरणारी दांडगट मैत्रीण. 'कुंग फू'च्या 1973 मधल्या एका भागाचं नावच तिच्या पात्राचं आहे, 'अलिथिया'.

अशा कामात मुलाला काय शिकायला मिळतं? आज एक सेट, पुढच्या आठवड्यात दुसरा. दिग्दर्शक नवा, कॅमेऱ्यामागची माणसं नवी, मालिकेतले बाकीचे सगळे एकमेकांना ओळखणारे आणि तू एकटी परकी. दोन-चार दिवसांत त्यांच्यात मिसळायचं, जमिनीवर चिकटवलेल्या पट्टीवर खाली न बघता येऊन थांबायचं, मागच्या टेकला ग्लास ज्या शब्दावर उचलला त्याच शब्दावर या टेकलाही उचलायचा, आणि मोठ्या कलाकाराचा टेक चुकला तर तेच वाक्य नव्या चेहऱ्याने सातव्यांदा म्हणायचं. यात कोणी कौतुक करत नाही. नीट झालं नाही तर मात्र पुढचं बोलावणं येत नाही.

दिसायलाही ती त्या काळच्या 'गोंडस बालिका' साच्यातली नव्हती. आवाज घोगरा, नजर सरळ, केस बऱ्याचदा विस्कटलेले. त्यामुळे वाट्याला यायच्या त्या भूमिका पोरासारख्या पोरीच्या, आगाऊ बोलणाऱ्या. गोंडसपणावर चालणाऱ्या मुलांचं दुधाचे दात पडेपर्यंतच निभतं. हिचं तसं झालं नाही, त्याचं एक कारण मला हेच वाटतं.

तिने कार्टूनमध्ये मुलाचा आवाज दिला होता, हे खरं का?

खरं आहे. 1973 च्या 'द ॲडम्स फॅमिली' या कार्टून मालिकेतला पग्सली, म्हणजे त्या विचित्र घराण्यातला मुलगा, तिच्या आवाजात बोलतो. त्याच मालिकेत अंकल फेस्टरचा आवाज आहे जॅकी कूगन यांचा. श्रेयनामावलीत ही दोन नावं जवळजवळ दिसतात आणि मला दर वेळी थांबायला होतं. कूगन कोण, ते पुढच्या उत्तरात.

तिने मिळवलेला पैसा कोणाचा? आईने वापरला का?

आधी कूगन. चार्ली चॅप्लिनच्या 1921 मधल्या 'द किड'मधला तो टाकून दिलेला पोरगा म्हणजे हे. त्या काळचा जगातला सर्वांत लाडका बालकलाकार. 1935 मध्ये 21 वर्षांचा झाल्यावर त्याने आपला पैसा मागितला तर पैसा नव्हता. अंदाजे 30 ते 40 लाख डॉलर आई आणि सावत्र वडिलांनी उडवले होते, आणि कायद्याने त्यांचं काही चुकलंही नव्हतं, कारण अल्पवयीन मुलाची कमाई ही पालकांची समजली जाई. 1938 मध्ये त्याने दावा लावला. हाती आले 1,26,000 डॉलर. त्यावरून झालेल्या ओरड्यातून 1939 मध्ये कॅलिफोर्नियाने कायदा केला, त्याला आजही 'कूगन कायदा' म्हणतात.

कायद्याला भोक होतं. न्यायालयात मंजूर करून घेतलेल्या करारांनाच तो लागू पडत असे, आणि दोन-चार दिवसांच्या पाहुण्या कामाचा करार न्यायालयात कोण नेतो? जोडी ज्या प्रकारचं काम करत होती ते बरंचसं याच भोकातून निसटणारं होतं. सगळ्या बालकलाकारांची कमाई त्यांची स्वतःची मालमत्ता ठरली आणि त्यातले 15 टक्के बंद खात्यात ठेवणं सक्तीचं झालं ते थेट 1 जानेवारी 2000 पासून. तोवर जोडी 37 वर्षांची झाली होती.

आता तिच्या घराबद्दल. घर तिच्या कमाईवर चालत होतं, हे तिने स्वतः मोठेपणी अनेकदा सांगितलं आहे. ब्रँडीने पुढे दुसरं काम सोडून मुलीच्या कामाचं व्यवस्थापन हेच पूर्णवेळ पत्करलं. कूगनसारखी फसवणूक इथे नाही. पण शाळकरी पोरीच्या कामावर घरातली पाच माणसं जेवतात, हे ओझं कायद्याच्या कुठल्याही कलमात बसत नाही.

तिच्यावर सिंहाने हल्ला केला होता का?

हो. चित्रपट 'नेपोलियन अँड समँथा', डिस्नेचा, 1972 चा. दोन मुलं आणि एक म्हातारा सिंह यांची गोष्ट. मोठ्या पडद्यावरचा तिचा हा पहिला चित्रपट, आणि मायकेल डग्लसच्याही अगदी सुरुवातीच्या चित्रपटांपैकी एक. चित्रीकरणात सिंहाने तिला तोंडात धरून उचललं. त्याच्या दातांच्या खुणा तिच्या अंगावर कायमच्या राहिल्या. बरी झाल्यावर ती कामावर परत गेली आणि चित्रपट पूर्ण केला.

मुलाखतींमध्ये ती हा किस्सा हसत सांगते आणि प्रेक्षकही हसतात. मला त्या नऊएक वर्षांच्या मुलीला परत सेटवर उभं करण्याचा निर्णय हसण्यावारी नेता येत नाही, पण ती स्वतः त्याला तक्रारीचा सूर लावत नाही हेही खरं.

त्यानंतर लगेच मोठी झाली का?

नाही. 'कॅन्सस सिटी बॉम्बर'मध्ये रॅकेल वेल्शची मुलगी, 'टॉम सॉयर'मध्ये बेकी, 'वन लिटल इंडियन'मध्ये छोटं काम. चालू राहिली, एवढंच.

'पेपर मून'मध्ये ती होती ना?

चित्रपटात नाही, मालिकेत. गोंधळ होणं साहजिक आहे. 1973 च्या चित्रपटात ॲडीची भूमिका टेटम ओनीलने केली आणि दहाव्या वर्षी ऑस्कर मिळवलं. स्पर्धेतून ऑस्कर मिळवणारी सर्वांत लहान कलाकार हा तिचा मान अजून टिकून आहे. त्यावरून 1974 मध्ये एबीसी वाहिनीने मालिका काढली आणि ॲडी झाली जोडी. तेरा भागांत मालिका गुंडाळली.

विचार करा, नुकतंच ऑस्कर मिळालेल्या भूमिकेत, त्याच कपड्यांत, दर आठवड्याला उभं राहायचं आणि लोकांनी मनात तुलना करत बघायचं. अकरा-बारा वर्षांच्या मुलीच्या वाट्याला आलेलं हे सपशेल अपयश होतं. पण मालिका चालली असती तर पुढची काही वर्षं ती तिथेच अडकली असती. 1975 च्या उन्हाळ्यात न्यूयॉर्कमध्ये 'टॅक्सी ड्रायव्हर' करायला ती मोकळी होती, ती या अपयशामुळे.

'टॅक्सी ड्रायव्हर'चा दिग्दर्शक मार्टिन स्कॉर्सेसी, त्याला ती सापडली कुठे?

'टॅक्सी ड्रायव्हर'च्या आधी त्यांनी एक चित्रपट एकत्र केला होता, हे बऱ्याच जणांना माहीत नसतं. 'ॲलिस डझन्ट लिव्ह हिअर एनीमोर', 1974. एलन बर्स्टिनला ज्यासाठी ऑस्कर मिळालं तोच. जोडी त्यात ऑड्री नावाच्या, नायिकेच्या मुलाला बिघडवणाऱ्या मैत्रिणीच्या भूमिकेत आहे. काम थोडंच. पण तिच्या तोंडची वाक्यं ऐकताना लिहिलेली वाटत नाहीत. स्कॉर्सेसीने ते हेरलं असावं.

बारा वर्षांच्या मुलीला 'टॅक्सी ड्रायव्हर'मध्ये काम करायला परवानगी तरी कशी मिळाली?

सहज मिळाली नाही. भूमिका आयरिस नावाच्या, घरातून पळून न्यूयॉर्कच्या रस्त्यावर शोषणात अडकलेल्या मुलीची. कॅलिफोर्नियात मुलांना काम करायला परवाना लागतो आणि तो देणाऱ्यांनी हरकत घेतली. मुलीच्या मनावर परिणाम होईल का, हे बघण्यासाठी तिला मानसोपचारतज्ज्ञाकडे पाठवण्यात आलं. काही तास प्रश्नोत्तरं झाली आणि ती ठीक आहे असा निर्वाळा मिळाला. तिच्या हितावर लक्ष ठेवायला सेटवर एक व्यक्ती सतत हजर असे, आणि वयाला न शोभणाऱ्या प्रसंगांमध्ये तिच्या जागी तिची विशीच्या उंबरठ्यावरची थोरली बहीण कॉनी उभी राहिली.

शेवटच्या रक्तपाताच्या प्रसंगाबद्दल तिने जे सांगितलं आहे ते मला महत्त्वाचं वाटतं. रक्त कशाचं बनवलंय, कुठली नळी कुठून जाते, आवाज कधी होणार, हे तिला टप्प्याटप्प्याने दाखवून, सराव करून घेतलं होतं. त्यामुळे प्रेक्षक हादरले त्या प्रसंगाची तिला भीती वाटली नाही. दहा वर्षं सेटवर वाढलेल्या मुलीला पडद्यामागची नळी दिसत होती.

हे सगळं केलं म्हणून ती भूमिका लहान मुलीला देणं योग्य ठरतं का? माझं मत विचाराल तर काळजी घेतली गेली हे मान्य, चित्रपट थोर हेही मान्य, आणि तरी आज कोणी असं करू नये.

डी नीरो तिच्याशी कसा वागला?

हा तिच्या सांगण्यातला सर्वांत चांगला भाग आहे. चित्रीकरणाआधी 'टॅक्सी ड्रायव्हर'चा नायक रॉबर्ट डी नीरो तिला वेगवेगळ्या कॉफीच्या दुकानांत घेऊन जायचा. पहिल्यांदा दोघांनी नुसते संवाद म्हटले. दुसऱ्यांदा पुन्हा तेच. बारा वर्षांच्या मुलीला हा माणूस भलताच कंटाळवाणा वाटला. फारसा बोलतही नव्हता. तिसऱ्या वेळी त्याने संवाद सोडून भलतंच काहीतरी बोलायला सुरुवात केली, आणि ती त्याच्या मागे गेली, आणि दोघं फिरून परत मूळ संवादावर आले.

तोवर तिला अभिनय म्हणजे संवाद पाठ करून सहजपणे म्हणणं एवढंच माहीत होतं. दिग्दर्शक सांगायचे 'नेहमीसारखीच वाग', आणि ती वागायची. आपल्यापेक्षा वेगळं कोणी उभं करायचं असतं, ते कोणीतरी प्रथमच तिच्याकडून मागितलं. अभिनय ही डोक्याने करायची गोष्ट असू शकते, हे आपल्याला तिथे कळलं असं ती सांगते. दहा वर्षं नोकरी केल्यावर कामाची गोडी लागली ती अशी, एका कॉफीच्या दुकानात.

1976 हे वर्ष तिच्या बाबतीत इतकं का गाजतं?

कारण एका वर्षात पाच चित्रपट आले आणि पाचही एकमेकांना अनोळखी. 'टॅक्सी ड्रायव्हर', जो मे महिन्यात फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार घेऊन आला. 'एकोज ऑफ अ समर', आजारी मुलीची कथा. 'द लिटल गर्ल हू लिव्ह्ज डाउन द लेन', गावाबाहेरच्या घरात एकटी राहणारी, गुपित राखणारी मुलगी, आणि समोर मार्टिन शीन. 'बग्सी मलोन'. आणि वर्षाच्या शेवटी डिस्नेचा 'फ्रीकी फ्रायडे', ज्यात आई-मुलीचे देह अदलाबदल होतात.

यातला शेवटचा लोक हलक्यात घेतात. पण बघा, तेरा वर्षांच्या मुलीला तेरा वर्षांच्या देहात अडकलेली गृहिणी करायची आहे. चालणं, खांदे, वाक्य संपवताना येणारा थकवा, सगळं बदलायचं आणि तरी विनोदी राहायचं. गोल्डन ग्लोबचं नामांकन तिला या कामासाठी मिळालं, हे मला योग्यच वाटतं.

त्याच वर्षी 27 नोव्हेंबरला, चौदावा वाढदिवस होऊन आठवडा झाला असताना, तिने 'सॅटर्डे नाइट लाइव्ह'चं सूत्रसंचालन केलं. तोवर इतक्या लहान वयात ते कोणी केलं नव्हतं. सहा वर्षांनी सात वर्षांच्या ड्रू बॅरीमोरने हा विक्रम मोडला.

'बग्सी मलोन'मध्ये गाणी तिनेच म्हटली आहेत का?

नाही. ॲलन पार्करचा हा चित्रपट म्हणजे दारूबंदीच्या काळातल्या गुंडांची गोष्ट, पण सगळी पात्रं मुलांनी केलेली. बंदुकीतून गोळ्यांऐवजी क्रीम उडतं, मोटारी पायांनी चालवायच्या. गाणी मात्र मोठ्या गायकांच्या आवाजात. टलुला या आपल्या पात्राच्या गाण्यावर जोडी फक्त ओठ हलवते.

सेटवरच्या मुलांमध्ये कॅमेऱ्याचा अनुभव सर्वांत जास्त तिच्याकडे होता. आपण बसखाली आलो असतो तर चित्रपट पुढे नेऊ शकेल अशी सेटवर बहुधा तीच एक होती, अशा अर्थाचं पार्कर म्हणाले होते. पुढे 1991 मध्ये तिने खरंच दिग्दर्शन केलं. पहिल्याच चित्रपटाचा विषय निवडला तो अलौकिक बुद्धीचा एक लहान मुलगा आणि त्याची एकटी आई. 'लिटल मॅन टेट'.

तिला लहानपणी ऑस्कर मिळालं होतं का?

नामांकन मिळालं, 'टॅक्सी ड्रायव्हर'साठी, साहाय्यक अभिनेत्री म्हणून, चौदाव्या वर्षी. पुरस्कार 'नेटवर्क'च्या बिॲट्रिस स्ट्रेटला गेला. ब्रिटनच्या बाफ्ताने मात्र 'टॅक्सी ड्रायव्हर' आणि 'बग्सी मलोन' मिळून साहाय्यक अभिनेत्रीचा आणि होतकरू नवोदिताचा असे दोन्ही पुरस्कार दिले. नवोदित! अकरा वर्षं काम केलेली. ऑस्कर पुढे दोनदा आलं, 'द अक्यूज्ड' आणि 'द सायलेन्स ऑफ द लॅम्ब्ज'साठी.

'स्टार वॉर्स'ची राजकन्या लेया ती होणार होती?

विचारणा झाली होती. 2024 मध्ये एका टीव्ही कार्यक्रमात तिनेच सांगितलं की तेव्हा ती डिस्नेच्या चित्रपटाला बांधलेली होती आणि दिलेला शब्द मोडून निघायचं नव्हतं.

शाळेचं काय झालं?

इथे आईला पैकीच्या पैकी गुण द्यायला हवेत. ब्रँडीने तिला लॉस एंजेलिसच्या फ्रेंच शाळेत घातलं, जिथे शिक्षणच फ्रेंचमधून. मुलीला ती परदेशी चित्रपट दाखवायला नेई. परिणाम असा की 1976 मध्ये कानला जमलेल्या पत्रकारांशी ती फ्रेंचमध्ये बोलली आणि ते बघतच राहिले. नंतर तिने फ्रान्समध्ये कामही केलं आणि आपल्या इंग्रजी चित्रपटांचं फ्रेंच डबिंगही स्वतःच्या आवाजात केलं. 1980 मध्ये ती त्या शाळेतून पहिली येऊन बाहेर पडली.

सेटवरच्या दिवसांत शिक्षक सेटवरच. कॅलिफोर्नियात ही पद्धत आजही आहे आणि तो शिक्षक मुलाच्या हिताचाही राखणदार मानला जातो. आजच्या नियमांनुसार 9 ते 16 वयाच्या मुलाला शाळेच्या दिवशी काम जास्तीत जास्त 5 तास, अभ्यास 3 तास, विश्रांती 1 तास. दोन दिव्यांची मांडणी बदलेपर्यंतच्या वेळेत भूगोलाचा धडा, मग पुन्हा टेक. ज्याला यातही अभ्यास जमतो त्याला पुढे काहीही जमतं.

तिची आई टिपिकल हट्टी 'सिनेमावाली आई' होती का?

हट्टी होती. भूमिका तीच निवडायची, आणि मुलीला 'गोंडस' कामं मिळावीत यापेक्षा तिला गंभीरपणे घेतलं जावं, हा तिचा ध्यास होता. वेगळी गोष्ट अशी की सोळा-अठराव्या वर्षी हे सगळं संपेल, तेव्हा दुसरं काहीतरी शिकून ठेव, असं ती मुलीला सतत बजावत असे. बालकलाकाराच्या आईने रोज शेवटाची आठवण करून द्यायची! क्रूर वाटेल, पण बहुतेकांच्या बाबतीत ते खरं ठरतं, आणि ते कोणी सांगत नाही.

त्या इशाऱ्यामुळेच जोडी येल विद्यापीठात साहित्य शिकायला गेली. 1985 मध्ये पदवी घेतली.

येलमध्ये असताना काहीतरी वाईट घडलं होतं ना?

30 मार्च 1981 ला अध्यक्ष रेगन यांच्यावर गोळ्या झाडणाऱ्या माणसाने तिचं लक्ष वेधण्यासाठी ते केल्याचं सांगितलं. त्याआधी तो तिला पत्रं पाठवत होता. ती तेव्हा पहिल्या वर्षात शिकत होती. तिने 1982 मध्ये त्यावर एक लेख लिहिला आणि विषय मिटवला. त्यानंतर मुलाखतीत तो निघाला की ती उठून जाई. आपणही इथेच थांबू.

आजच्या बालकलाकारांबद्दल तिचं काय म्हणणं आहे?

2002 च्या 'पॅनिक रूम'मध्ये दहा-अकरा वर्षांची क्रिस्टन स्ट्यूअर्ट तिची मुलगी झाली होती. दहा वर्षांनी स्ट्यूअर्टच्या खाजगी आयुष्यावर माध्यमं तुटून पडली तेव्हा जोडीने लेख लिहून तिची बाजू घेतली. आपल्या लहानपणी मुलांचा असा पाठलाग होत नव्हता, आणि आज सुरुवात करायची असती तर आपण सुरुवात होण्याआधीच सोडून दिलं असतं, असा त्याचा आशय.

तिच्या लहानपणी एखादा भाग फसला तर पुढच्या आठवड्यात लोक विसरायचे. 'पेपर मून'चे ते तेरा भाग आज कोण आठवतं?

आधी काय बघू?

'फ्रीकी फ्रायडे' आणि 'बग्सी मलोन' घरच्यांबरोबर बघता येतील. 'टॅक्सी ड्रायव्हर' एकट्याने, आणि मुलं झोपल्यावर. पण त्याआधी 'ॲलिस'मधली ऑड्री शोधा. काही मिनिटंच आहे. बाकीचे सगळे एका चित्रपटात आहेत आणि ही पोरगी जणू शेजारच्या गल्लीतून चुकून आत आली आहे.

मग थेट 2024 वर उडी मारा आणि 'ट्रू डिटेक्टिव्ह: नाइट कंट्री' ही मालिका लावा. टीव्हीवरून सुरुवात केलेल्या बाईला पहिला एमी पुरस्कार त्यासाठी मिळाला, वयाच्या 61 व्या वर्षी. आवाज अजून तसाच घोगरा आहे.